दुसऱ्या कीबोर्डवरची बाई

कोरियन दिग्दर्शक पार्क चान-वूकचे सिनेमे बघितलेत आणि त्याच्याबद्दल चारचौघांत अर्धा तास लेक्चर झोडलं नाही असा माणूस मला अजून भेटायचाय. फिल्म सोसायटीवाले घ्या, ओटीटीवाले घ्या, टेलिग्रामवरून ढापून बघणारे घ्या, सगळे सारखेच. फ्रेम बघ, भिंतीवरचा वॉलपेपर बघ, मारामारी कशी बसवलीये बघ. सगळं खरंच आहे, मीही दिलंय हे लेक्चर. पण ह्या गड्याच्या पाच सिनेमांच्या स्क्रिप्टवर त्याच्या जोडीला आणखी एक नाव आहे, आणि ते त्या अर्ध्या तासात कुणाच्याच तोंडी येत नाही. जंग सो-क्यंग. लेडी व्हेंजन्स, आय ॲम अ सायबॉर्ग बट दॅट्स ओके, थर्स्ट, द हँडमेडन, डिसिजन टू लीव्ह. २००५ ते २०२२. म्हणजे त्याच्या गाजलेल्या ओल्डबॉयनंतरचा कोरियात बनलेला जवळजवळ सगळा पार्क चान-वूक हा खरं तर दोघांचा आहे.

बाई १९७५ सालची. आधी सोल नॅशनल युनिव्हर्सिटीत तत्त्वज्ञान, मग तिथल्या सरकारी कला विद्यापीठात, कोरिया नॅशनल युनिव्हर्सिटी ऑफ आर्ट्समध्ये, सिनेमाचं लिखाण. तत्त्वज्ञानातून पटकथेत म्हणजे आईवडिलांच्या दृष्टीने आगीतून फुफाट्यातच. तिने एक शॉर्टफिल्म केली, ती एका फेस्टिव्हलला गेली, तिथे परीक्षक होता पार्क, आणि त्याच्या ती लक्षात राहिली. एवढीच एंट्री. पुढे २००४ ला ओल्डबॉयला फ्रान्सच्या कान फिल्म फेस्टिव्हलमध्ये ग्राँ प्री मिळालं, पार्क एकदम जगाचा झाला, आणि पुढच्या सिनेमाची नायिका बाई आहे तर लिहायलाही सोबत बाई हवी असं त्याला वाटलं. ती तेव्हा तिशीच्या आसपास, नावावर एकही फीचर फिल्म नाही.

तो सिनेमा लेडी व्हेंजन्स. नायिका ली यंग-ए, जिला आपल्याकडच्या काही लोकांनी दूरदर्शनवर 'घर का चिराग'मध्ये राजवाड्याच्या मुदपाकखान्यात गोड चेहऱ्याने वावरताना बघितलंय. इथे ती तेरा वर्षं तुरुंगात काढून बाहेर येते, दारात चर्चवाले उभे, कोरियात सुटलेल्या कैद्याला पांढरंशुभ्र टोफू खायला देतात म्हणजे पुन्हा पाप करणार नाहीस, आणि ही ती प्लेट शांतपणे उलटी करते. ह्या सीनचे फोटो सगळीकडे असतात. पण मला जो सीन डोक्यातून जात नाही तो शेवटाकडचा आहे. एका नराधमाने मारलेल्या मुलांचे आईबाप एका बंद पडलेल्या शाळेत जमतात, त्याचं काय करायचं ते ठरवतात, रेनकोट घालून ते करतातही, आणि मग बेकरीत बसून सगळे केक खातात. आणि खाता खाता, खंडणीपायी दिलेले पैसे परत मिळणार असतील तर कुठल्या खात्यात टाकायचे म्हणून आपापले बँक अकाउंट नंबर कागदावर लिहून देतात. आत्ताच एका माणसाला मारून आलेले लोक. मला पहिल्यांदा बघताना हसू आलं आणि मग इतकं कसंतरी झालं की पॉज केला.

हा अकाउंट नंबर कुणाला सुचला? पार्कला की तिला? मला वाटतं तिला. पुरावा शून्य. नुसतं तिचं पुढचं काम बघून बांधलेला अंदाज आहे, आणि तो चूकही असू शकतो, कारण हे दोघं लिहितात कसे ते एकदा कळलं की असला प्रश्न विचारायची सोयच उरत नाही.

तर ते असं. कॉम्प्युटर एक. त्याला मॉनिटर दोन आणि कीबोर्ड दोन. फाईल एकच उघडी. दोघं समोरासमोर बसणार, एकाने वाक्य टाईप केलं की दुसऱ्याच्या स्क्रीनवर ते त्याच क्षणी उमटतं, दुसरा मध्येच घुसून शब्द खोडतो, पहिला परत लिहितो. गूगल डॉक्समध्ये आता हे शाळेतली पोरंही करतात, पण ते वेगवेगळ्या घरांत बसून. इथे माणूस समोर बसलेला, त्याचा श्वास ऐकू येतोय, तुझं वाक्य खोडताना त्याचा चेहरा तुला दिसतोय. आणि तो माणूस कोण, तर देशातला सगळ्यात नावाजलेला दिग्दर्शक, तुझ्यापेक्षा बारा वर्षांनी मोठा. कोरियात वयाचा आणि पदाचा मान हा बोलण्याच्या क्रियापदापर्यंत शिरलेला असतो, तिथे तिशीतल्या नव्या मुलीने पार्क चान-वूकचं वाक्य त्याच्या डोळ्यांदेखत डिलीट करायचं. एका ओट्यापाशी दोन बायका स्वयंपाकाला उभ्या राहिल्या तर मिठावरून भांडण होतं, आणि इथे पाच सिनेमे झाले.

बरं, हे लिहिताना मला थोडा हेवाही वाटतो ते कबूल. मी काही काळ एका मराठी सिरीयलवर काम केलंय. आपल्याकडे सिरीयलची कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे, टायटल्समध्ये तसं वेगवेगळं येतंही. वर चॅनलचे क्रिएटिव्ह. मी संवादवाली. वनलाईन यायची, सीन ब्रेकडाऊन यायचा, सकाळी शूट असेल तर रात्री सीन जायचे, आणि पटकथा लिहिणाऱ्या माणसाला मी कधी धड भेटलेही नाही, व्हॉट्सॲपवर 'सीन ४ मध्ये सासू जरा सॉफ्ट करा' एवढाच आमचा संवाद. पैसे एपिसोड टेलिकास्ट झाल्यावर नव्वद दिवसांनी, म्हणजे म्हणायला नव्वद. त्यामुळे दोन माणसं एका खोलीत बसून एकेक वाक्य घासतायत हे चित्र मला चैनीचं वाटतं, सोन्याच्या ताटात जेवण्याइतकं.

पण ही खोली कोरियातही सगळ्यांना मिळत नाही.

त्यांचा दुसरा सिनेमा, सायबॉर्गवाला, २००६ चा. वेड्यांच्या इस्पितळातली एक मुलगी स्वत:ला यंत्र समजते, त्यामुळे भात खात नाही, बॅटऱ्या चाटत बसते, वाळत चाललेली. तिथलाच एक मुलगा तिला पटवून देतो की मी तुझ्या पाठीत एक मशीन बसवलंय, भाताची वीज करणारं, आता तू खाल्लंस तरी चालेल. मग ती पहिला घास घेते आणि अख्खा वॉर्ड श्वास रोखून बघतो. बर्लिनला त्याला बक्षीस मिळालं, कोरियात मात्र फार चालला नाही, मला मात्र त्यांच्या पाचांतला हा सगळ्यात माणुसकीचा वाटतो.

आता पुढची गोष्ट त्याच्याशेजारी लिहायला मला बरं वाटत नाहीये, पण ती डोक्यात शेजारीच बसलीये त्याला काय करणार. २०११ च्या जानेवारीत सोलला लागून असलेल्या आन्यांग शहरात चोई गो-उन नावाची ३२ वर्षांची पटकथाकार तिच्या भाड्याच्या खोलीत मृतावस्थेत सापडली. जंग सो-क्यंग ज्या कला विद्यापीठात शिकली त्याच विद्यापीठात हीसुद्धा शिकलेली. हिच्याही शॉर्टफिल्मला बक्षीस मिळालेलं. स्क्रिप्ट्स लिहिल्या, निर्मात्यांशी करार झाले, सिनेमे बनले नाहीत. जाण्याआधी तिने शेजाऱ्यांच्या दारावर चिठ्ठी लावली होती, लाज वाटते पण बरेच दिवस काही खाल्लेलं नाही, उरलेला भात आणि किमची असेल तर दार वाजवा, अशा अर्थाची. थायरॉईड आणि स्वादुपिंडाचा आजार होता, त्यामुळे ती भुकेने गेली की आजाराने ह्यावर तिथे नंतर बराच वाद झाला, तिला ओळखणारे लोकही चिडले की तुम्ही तिला उपाशी बिचारी करून टाकलीत. तो राग मला कळतो. पण चिठ्ठी होती.

त्यातून एक कायदा झाला, कलाकारांच्या कल्याणाचा, त्याच वर्षी संसदेत पास झाला, २०१२ च्या नोव्हेंबरपासून लागू. लोक त्याला तिच्याच नावाने ओळखतात. अपघात विमा वगैरे आला, मदत देणारं एक फाउंडेशन उभं राहिलं, मात्र मदत घ्यायची तर आधी आपण कलाकार आहोत ह्याचं सर्टिफिकेट काढावं लागतं, आणि बेकारी विमा यायला २०२० चा डिसेंबर उजाडला. सर्टिफिकेटसाठी आधी केलेलं काम दाखवायचं. न बनलेल्या सिनेमाची स्क्रिप्ट लिहिणाऱ्याने काय दाखवायचं, ड्रॉवर?

हे का होतं, तर कोरियन सिनेमा हा दिग्दर्शकाचा. बोंग जून-हो, ली चांग-डोंग, हाँग सांग-सू, सगळे आपापलं लिहितात. ली चांग-डोंग तर मुळात कादंबरीकार, सिनेमात शिरला तो दुसऱ्याच्या सिनेमाची पटकथा लिहून, आणि मग पाचेक वर्षांत स्वत:च दिग्दर्शक झाला, २०१० ला पोएट्रीसाठी कानचं पटकथेचं बक्षीस मिळालं तेव्हा तो कधीचा दिग्दर्शक म्हणूनच ओळखला जात होता. नुसता लेखक राहून सिनेमात करिअर ही वाट अरुंद आहे. करार हप्त्यात, सही करताना थोडे, मधे थोडे, आणि शेवटचे कधी, तर गाडी पुढे सरकली तर. पॅरासाईटला २०२० ला ओरिजिनल स्क्रीनप्लेचं ऑस्कर मिळालं तेव्हा बोंगच्या शेजारी स्टेजवर एक चष्मेवाला पोरगा उभा होता आठवतंय का? हान जिन-वन. बोंगच्याच आधीच्या ओक्जाच्या सेटवर दिग्दर्शनाच्या टीममध्ये राबलेला, पॅरासाईटसाठी ड्रायव्हर आणि घरकाम करणाऱ्या बायकांशी बोलत फिरलेला, स्क्रिप्टचा ड्राफ्ट लिहिलेला. त्याने भाषणात हॉलिवूडसारखं आमचं चुंगमुरो आहे म्हणून सोलमधल्या त्या जुन्या सिनेमावाल्या भागाचं नाव घेतलं आणि तिथल्या सगळ्या गोष्टी सांगणाऱ्यांना बक्षीस वाटून टाकलं. फार गोड होतं ते. आणि पुढे त्यानेही काय केलं, तर दिग्दर्शनच.

टीव्हीवर मात्र तिथे उलटा कारभार. कोरियन ड्रामा हा लेखकाचा, खरं तर लेखिकेचा, कारण बहुतेक बायकाच. सोळा एपिसोड एकच बाई लिहिते. किम उन-सूकची नवी सिरीज येतेय म्हटलं की हिरो ठरायच्या आधी बातमी होते. आपल्याकडे सलीम-जावेदना जंजीरच्या पोस्टरांवर पेंटर लावून स्वत:ची नावं रंगवून घ्यावी लागली होती, तिथे चॅनल स्वत:हून लेखिकेचं नाव पोस्टरवर टाकतं.

आणि जंग सो-क्यंग २०१८ ला ह्या बाजूला आली. वयाच्या त्रेचाळिसाव्या वर्षी, हँडमेडनसारखा सिनेमा खिशात असताना.

हँडमेडनबद्दल थोडं बोललंच पाहिजे. सारा वॉटर्सची व्हिक्टोरियन लंडनमधली कादंबरी उचलून १९३० च्या दशकातल्या जपानी अंमलाखालच्या कोरियात आणली. नुसतं गाव बदललं असतं तर ते कुणीही केलं असतं, पण तिथे मालकीण जपानी आणि मोलकरीण कोरियन झाली की प्रत्येक वाक्य कुठल्या भाषेत बोलायचं हा सत्तेचा प्रश्न होतो. आणि कादंबरीतला एक मोठा धक्का त्यांनी सरळ काढून टाकला, त्याऐवजी दोन्ही बायकांना एकमेकींना खरं सांगायला लावलं. थरारपटात रहस्य उघडं करून टाकायचं म्हणजे हातातलं हत्यार खाली ठेवणं, ते करायला डेअरिंग लागतं. मालकिणीचा एक दात बोचतो म्हणून मोलकरीण बोटात शिवणकामाचं अंगुस्तान घालून, तोंडात बोट घालून तो घासते तो सीन मूळ कादंबरीतला आहे, पण सिनेमात तो किती वेळ चालतो बघा. कुणी बोलत नाही. घासण्याचा बारीक आवाज आणि दोघींनी एकमेकींकडे बघायचं टाळणं. पुढचे ते गाजलेले बेडरूम सीन त्यामानाने मला उगाच वाटतात, त्यांवर पुरुषी नजरेचा आरोप झाला आणि तो मला पूर्ण खोटा वाटत नाही. 'पण लिहायला बाई होती ना' असं म्हणून तो पुसता येत नाही. लिहिणं दोघांचं असलं तरी कॅमेरा एकाचाच होता.

टीव्हीवर तिने पहिल्यांदा मदर लिहिली, २०१० च्या जपानी मालिकेवरून, मूळ लेखक युजी साकामोतो, ज्याला पुढे २०२३ ला कानमध्ये पटकथेचं बक्षीस मिळालं. घरात छळ होणाऱ्या एका छोट्या मुलीला तिची शिक्षिका पळवून नेते आणि तिची आई व्हायला बघते. रडारड भरपूर. मी अर्धीच बघितली, खोटं कशाला बोलू, मुलांचे हाल मला बघवत नाहीत. २०२२ ची लिटल विमेन मात्र मी तहानभूक विसरून बघितली, आणि तिथे मला ती एकटी सापडल्यासारखी वाटली. पार्क शेजारी नाही. आता जे आहे ते हिचं.

त्याच नावाच्या अमेरिकन कादंबरीतून तिने फक्त गरीब बहिणी एवढंच घेतलं, बाकी सगळं पैसा. तीन बहिणी, ओलसर घर, धाकटीच्या शाळेची युरोप ट्रिप आहे म्हणून थोरल्या दोघींनी पै पै करून तिच्या वाढदिवसाला पैसे जमवलेत. आणि ते पैसे घेऊन त्यांची आईच पळून जाते. कुठलाही व्हिलन नाही, गुंड नाही, आई. आणि मुली ओरडत नाहीत, त्या हिशेबाला लागतात, आता कुणाकडून किती मिळतील. मग थोरलीला तिच्या ऑफिसातल्या मैत्रिणीने मागे ठेवलेली दोन अब्ज वॉनची बॅग मिळते, त्यामागे सत्तर अब्जांचा काळा पैसा, निळं ऑर्किड, खून, पुढारी, सगळं भरघोस वेडं. पण त्या वेडाच्या मधोमध थोरली सारखी ठरवत असते की ह्या पैशांतून पहिलं काय घ्यायचं, आणि तिला हवं असतं एक घर, ज्याच्या खिडक्यांतून वारा येत नाही. मला लगेच ते बँक अकाउंट नंबर आठवले. माणसं कितीही मोठ्या भयंकर गोष्टीतून जात असली तरी त्यांना गॅसचं बिल भरायचं असतंच हे ह्या बाईला माहितीये, आणि त्यात ती त्यांची चेष्टा करत नाही. माझा अंदाज एवढ्यावरच उभा आहे. कुणी खोडला तर माझी हरकत नाही.

त्याच वर्षी डिसिजन टू लीव्ह. ह्याची सुरुवात लंडनमध्ये झाली, पार्क तिथे त्याच्या इंग्रजी सिरीजवर अडकलेला, ही भेटायला गेलेली, त्याच्या डोक्यात एक सभ्य पोलीस आणि एक जुनं धुक्याचं कोरियन गाणं. ती म्हणाली नायिका चिनी करू या, म्हणजे टांग वेईला घेता येईल. म्हणजे आधी नटी, मग तिच्यासाठी पात्र. त्यातून ती नायिका आली, कोरियन ऐतिहासिक मालिका बघून कोरियन शिकलेली, त्यामुळे खुनाच्या चौकशीतही जरा दरबारी बोलणारी. चौकशीच्या खोलीत तो पोलीस तिच्यासाठी महागडी सुशी मागवतो, दोघं जेवतात, आणि जेवण झाल्यावर टेबल आवरतात. एक डबे उचलतो, एक पुसते, कुणी कुणाला काही सांगत नाही, वीस वर्षं संसार केल्यासारखे हात चालतात. अजून ओळखही नीट नाही, ती संशयित आहे. प्रेमाचा पहिला सीन हा, आणि संवादलेखिकेने त्यात बोलायला काहीच ठेवलेलं नाही!

कानमध्ये पार्कला दिग्दर्शनाचं बक्षीस मिळालं. कोरियात थिएटरला एकोणीस लाखांच्या आसपास लोक गेले, हँडमेडनला बेचाळीस लाखांवर गेले होते, म्हणजे निम्म्याहून कमी. पण जे गेले ते पुन्हा पुन्हा गेले, आणि मग एक विचित्र गोष्ट झाली, त्या सिनेमाची पटकथा पुस्तक म्हणून आली आणि थेट बेस्टसेलर यादीत पहिल्या नंबरावर. पटकथा, राव! दिवस-आतील-पोलीस स्टेशन असलं लिहिलेलं पुस्तक लोकांनी रांगेने विकत घेतलं. कव्हरवर दोघांची नावं. कोरियातल्या ब्लू ड्रॅगन पुरस्कारांतलं पटकथेचं बक्षीसही त्या वर्षी दोघांनाच मिळालं.

तरी लोकांच्या डोक्यात लेखक नसतोच ह्याचा पुरावा तिला दुसऱ्या बाजूनेही मिळाला. लिटल विमेनमध्ये व्हिएतनाम युद्धातल्या कोरियन सैनिकांच्या पराक्रमाच्या गप्पा एका पात्राच्या तोंडी होत्या, व्हिएतनाम सरकार भडकलं, तिथल्या नेटफ्लिक्सवरून सिरीज काढावी लागली. मला विचाराल तर व्हिएतनामचं बरोबर होतं, वाईट पात्राच्या तोंडी घातलं म्हणजे सगळं खपतं असं नाही, समोरच्याच्या आजोबांचा विषय आहे तो. मग २०२५ ला डिस्नीवर टेम्पेस्ट आली, राजदूत राहिलेली बाई, तिच्या नवऱ्याचा सगळ्यांसमोर खून, अमेरिका, उत्तर कोरिया, अणुबॉम्ब. त्यात चीनला युद्ध का आवडतं असा एक संवाद होता आणि चिनी इंटरनेट पेटलं. शिव्या कुणाला, तर ते वाक्य बोलणाऱ्या जुन जी-ह्यूनला. जिने लिहिलं तिला शोधत कुणी गेलंच नाही.

त्याच वर्षी पार्कचा नो अदर चॉईस आला, त्याच्या पटकथेवर त्याच्यासकट चार नावं आहेत, तिचं नाही. भांडण वगैरे समजू नका, ती तेव्हा टेम्पेस्टमध्ये अडकलेली असणार. टेम्पेस्ट मला खास वाटली नाही, प्रेमकथा आणि राजकारण दोन्ही एकमेकांच्या पायात येतात, आणि अणुबॉम्ब आला की अकाउंट नंबर लिहायला जागा उरत नाही. मी मधेच सोडली. पुन्हा बघायला घेईन बहुधा, जुन जी-ह्यून त्या लांब कोटांमध्ये दिसते भारी.